शब्द मागाहून

७ मार्च १९८३

उपालिचा सिनेमा आज हातावेगळा झाला. शेवटच्या रिळातला शेवटचा कट मी तीनदा बदलला आणि अखेर पहिलाच ठेवला. दिवे लागले तेव्हा उपालि रडत होता. दिग्दर्शक रडला की मला बरं वाटतं. कुठे काय फसलं होतं आणि मी ते कशाखाली झाकलं, हे त्या एकट्यालाच माहीत असतं.

"तिल्लै अय्या, हा सिनेमा तुम्ही केलात," म्हणाला. मी तमिळ, तो सिंहली, पण वीस वर्षं मला अय्या म्हणजे थोरला भाऊच म्हणत आलाय.

"मग पोस्टरवर माझं नाव मोठं टाक."

"हिरोईनच्या केसांनाच जागा पुरत नाहीये अय्या. तुमचं कुठे टाकू?"

कुसुमा तोंडावर हात धरून हसली. माझी मदतनीस. कोळ्याची पोर, हाताला मासळीचा वास येईल म्हणून पहिल्या दिवशी साबणाने हात सोलून आली होती. आता निगेटिव्ह कापण्यात तिचा हात कोलंबोत कुणी धरणार नाही. अर्थात मी शिकवलंय.

घरी मनोन्मणीने विचारलं, "आता पुढे काय?" म्हटलं, येईल. मला काम नाही असं कधी झालंय? रडके सिनेमे कापले, भुताचे कापले, मारामारीचे, देवादिकांचे, टूथपावडरच्या जाहिराती. मलेरिया खात्याची डासांची फिल्मसुद्धा कापली, आणि त्यातही एक डास नायक म्हणून निवडला होता. खात्याचे साहेब म्हणाले, शेवटी तो मेला तेव्हा वाईट वाटलं. एकाच ठशाचं काम करणारे एडिटर असतात. मी तसला नाही.

१५ मार्च

पियसेन मुदलाली, म्हणजे शेठ, आला होता. त्याचं लोखंडी सामानाचं मोठं दुकान आहे आणि हौस म्हणून दोन सिनेमे काढलेत. पत्र्याचे डबे घेऊनच आला.

"माहितीपट आहे मास्टर. आपल्या देशातला व्यापार. आवाज काही घेतलेला नाही, नुसतं चित्र."

"निवेदन कुठे आहे? शब्द आधी मिळाले तर कुठे थांबायचं ते कळतं."

"शब्द मागाहून घालू. एक विद्वान गृहस्थ लिहितायत. तुमच्या हाताला शब्द कशाला हवेत?"

तसं बघितलं तर खरंच आहे. मी हो म्हटलं.

२३ मार्च

सगळं कच्चं चित्रण पाहिलं. कॅमेरावाला बेताचा आहे, पण चिकाटीचा. कोलंबोच्या पेट्टा बाजारातली दुकानं, एकेक पाटी सावकाश टिपलेली. कापडाचे ढीग. लॉरीत चढणारी पोती. गल्ल्यावर बसून जांभई देणारा एक जाडा मालक. मग गावाकडचं: रिकामी पिशवी घेऊन रांगेत उभी म्हातारी, बुद्धाच्या देवळाच्या पायरीवर बसलेला म्हातारा, करपलेलं शेत.

"मास्टर," कुसुमा म्हणाली, "पाट्या सगळ्या तमिळच आहेत."

"मग पेट्टात काय चिनी असणार?"

तिने पुढचं रीळ चढवलं. कुसुमाला गोष्ट सुचत नाही, एवढी एकच खोट आहे तिच्यात. मला डब्याच्या झाकणातच गोष्ट दिसते. दुपारी मी त्या जांभईला लागून ती म्हातारी लावली. मालक तोंड मिटतो, नजर उचलतो, आणि समोर ती, रिकामी पिशवी घेऊन. म्हातारी अनुराधापुराकडची, मालक पेट्टातला. जन्मात कधी भेटले नसतील. माझ्या टेबलावर त्यांची नजरानजर झाली. मी पुन्हा पुन्हा चालवून पाहिलं. मलाच त्या मालकाचा राग आला, इतकं जमलंय.

५ एप्रिल

देवळाबाहेर भिक्खूंचं प्रवचन सुटल्यावर हात वर करणारे चाळीसेक लोक होते. मुदलालीला जास्त हवे होते. मी फ्रेमची कड कुठेच दिसू दिली नाही. हात, तोंडं, पायांची धूळ, पुन्हा हात. डोळा मोजायला लागायच्या आत कट. आता ते हजार वाटतात.

मुदलाली खुर्चीत मागे सरकला. "अंगावर येतात हो मास्टर! तमिळ माणूस कामाला चोख, असं आमचे लोक म्हणतात ते काय उगीच?"

त्याच्याबरोबर पांढऱ्या कपड्यातला एक गृहस्थ होता. बोलला नाही फारसा. भिंतीवरच्या मुरुगनच्या तसबिरीकडे बघत होता. जाताना म्हणाला, "राहता कुठे?"

"वत्तळला. चर्चच्या मागे."

"घर स्वतःचं?"

"स्वतःचं. बायकोने कष्टाने बाग केलीय पुढे, या कधी."

"येऊ," म्हणाला. शांत, सुसंस्कृत माणूस. असे लोक आपल्या धंद्यात येत नाहीत ही रडकथा आहे.

१४ एप्रिल

नववर्ष. सकाळी मनोन्मणीचं पोंगल, दुपारी उपालिच्या बायकोने दूधभात आणला. दोन्ही घरांचं वर्ष एकाच दिवशी सुरू होतं हे बरं, पोटाची सुट्टी वाया जात नाही.

आमची लेक सुगंती आज माझ्या वाटेला आली. ती कोलंबो विद्यापीठात भौतिकशास्त्र शिकते आणि माझ्या धंद्याला खोट्याचा कारखाना म्हणते. "अप्पा, तुम्ही म्हणे मुकं काहीतरी कापताय. शब्दच माहीत नाहीत?"

"चित्र बोलतंय की."

"काय बोलतंय?"

"ज्याचं त्याने ऐकायचं."

"परीक्षेत आधी उत्तर लिहायचं आणि प्रश्न मागाहून बघायचा, तसं झालं हे."

सगळे हसले. उपालि हसला नाही. कुणाचं काम, विचारलं. मी पियसेन मुदलालीचं नाव घेतलं तर हातातला घास तसाच. "अय्या, ते काम घ्यायला नको होतंत." का, विचारलं तर बायकोकडे बघितलं आणि म्हणाला, माणूस बरा नाही. मला वाटतं, मी दुसऱ्या कुणासाठी चांगलं काम करतो ते उपालिला सोसत नाही. कलावंत आहे, चालायचंच.

११ मे

माहितीपटात आवाज भरायचं काम दुसऱ्या स्टुडिओत होतं. मुदलाली म्हणाला, मास्टर, तुम्ही कशाला त्रास घेता, पोरीला पाठवा. माझाही रक्तदाब वर होताच. कुसुमा रिळं घेऊन गेली आणि संध्याकाळी आली ती डबा न उघडता बसून राहिली.

"कसं झालं?"

"आवाज नीट बसलाय."

"आणि शब्द?"

तिने रिळाची पट्टी सारखी केली. "मोठ्या आवाजात आहेत."

मग एकदम म्हणाली, "मास्टर, मॅडमचं माहेर जाफन्याला ना? दोन महिने सुट्टी घेऊन जा सगळे. सुगंतीलाही न्या. टेबल मी सांभाळते."

टेबल मी सांभाळते. मी नुसती रिळं मोजून घेतली. पण कान काही म्हातारे झालेले नाहीत माझे.

३ जून

आज उपालिही तेच बोलला. पुढचा सिनेमा पावसाळ्यानंतर, तोवर तुम्ही तिघं कुरुणेगलला आमच्या घरी राहायला या, घर मोठं आहे, आंबे आहेत. आणि पुढच्या सिनेमाची काही दृश्यं त्याने कुसुमाला आधी दाखवलीयत हे मला कॅन्टीनमध्ये कळलं.

तिला विचारलंच. "तुला माझी खुर्ची हवी आहे का? सरळ सांग."

तिचं तोंड उतरलं. "मास्टर, मी तुम्हाला एक सांगणार होते..."

"खुर्चीचं असेल तर आत्ता सांग."

"नाही."

"मग काही नको."

त्यानंतर दिवसभर मान खाली घालून काम केलं. जोड मात्र एकही चुकला नाही तिचा. मी मुद्दाम बघत होतो.

९ जुलै

फाटकावर कुणीतरी खडूने आकडा लिहून गेलं. शेजारच्या फोन्सेकांच्या फाटकावर नाही, पलीकडच्या डॉक्टर सिवलिंगमच्या आहे. मनोन्मणी घाबरली, पुसून टाकला. मी हसलो. मलेरियावाले घरांवर अशाच खुणा करतात, मला ठाऊक नसेल तर कुणाला? त्यांची फिल्मच मी कापलीय.

"मग फोन्सेकांकडे डास नाहीत?" तिने विचारलं.

बायकांच्या प्रश्नाला उत्तर असलं तरी ते त्यांना पटत नसतं.

२४ जुलै, रविवार

जाफन्यात लष्कराची गाडी सुरुंगाने उडवली, तेरा सैनिक गेले. कोलंबोत त्यांचे अंत्यसंस्कार व्हायचे आहेत. फोन्सेका कुंपणापाशी येऊन सांगून गेले की बोरेल्लाच्या स्मशानाकडे गर्दी जमतेय, उद्या बाहेर पडू नका. सुगंती म्हणाली, सत्याहत्तरची दंगलही अशीच सुरू झाली होती. सत्याहत्तरला मी दोन दिवस घरी बसलो होतो आणि तिसऱ्या दिवशी टेबलावर होतो. उद्या एका विनोदी सिनेमाचं दुसरं रीळ द्यायचंय. लोकांना हसायला तर लागेलच.

२८ जुलै, उस्वेटकेयाव

कुसुमाच्या घरी आहोत. तिच्या आईकडे लिहायला कागद मागत होतो. वही घरात गेली असं समजत होतो, पण सुगंतीने पिशवीत घातली होती. आमच्या घरातून तेवढंच आलं.

सोमवारी सकाळी मी शर्टाची बटणं लावत होतो तेव्हा कुसुमाच्या भावाची मासळीची लॉरी दाराशी थांबली. सिरिल आत आला नाही, कुसुमा आली. एरवी मला विचारल्याशिवाय खिडकी न उघडणारी पोर. मनोन्मणीचं कुंकू तिने स्वतःच्या पदराने पुसलं, मंगळसूत्र काढून बर्फाच्या टोपलीत टाकलं, तोंडाला फडकं बांधलं. "मॅडम, तुमचा दात दुखतोय. काही झालं तरी बोलायचं नाही." मनोन्मणीचं सिंहली बाजारापुरतं आहे, आणि बाजारातही लोक हसतात.

मी म्हटलं, "स्टुडिओत दुसरं रीळ..."

"मास्टर," ती म्हणाली, "बसा." पहिल्यांदाच ओरडली माझ्यावर.

हेंडलाच्या वळणावर रस्ता अडवलेला होता. टायर जळत होते. हातात दांडे, पण चेहरे रोजचे, एक तर आमच्या गल्लीत पाव आणून देणारा. त्याने आम्हाला पाहिलं आणि मान दुसरीकडे वळवली. दुसरा एक पोरगा माझ्याजवळ आला. "काका, कुठले? बोला जरा."

जन्मभर मी सिंहली नटांचे चुकलेले उच्चार कापून टाकले. कोळ्यांचा हेल, डोंगरातल्यांचा, शहरातल्यांचा, सगळे कानात आहेत. मी सिरिलच्या हेलात, धाकट्या भावाशी बोलावं तसं म्हटलं, "काय बोलू रे मल्ली? बर्फ वितळतंय, बायको दाताने कण्हतेय, आणि तू माझी मुलाखत घेतोस? सोड की!" पोरं हसली. सोडलं.

थोडं पुढे गेल्यावर मागे वळून पाहिलं. नदीपलीकडे आमचा स्टुडिओ जळत होता. जळक्या फिल्मचा वास मला कुणी सांगावा लागत नाही. माझं सगळं काम त्या धुरात होतं. मनोन्मणीने माझा हात धरला आणि मी तो सोडवून घेतला. का, माहीत नाही.

आमचं घर दुपारी गेलं असं सिरिल सांगतो. शेजारचं सिंहली फोन्सेका कुटुंब रस्त्यात आडवं उभं राहिलं होतं. जमावाने कुणाचं ऐकलं नाही. एका कागदावर घरांचे आकडे होते म्हणे.

३० जुलै

माळ्यावर राहतो. खाली माणसांची जाग आली की मनोन्मणी तोंडात पदर धरते. कुसुमाची आई मरियमपुढे मेणबत्ती लावते आणि आम्हाला वर माशाचं कालवण पाठवते. आमच्यात मासे चालत नाहीत हे तिला ठाऊक नाही. मनोन्मणीने पहिल्या दिवशी डोळे मिटून खाल्लं.

आज कुसुमा वर आली. उपालि इस्पितळात आहे. स्टुडिओच्या फाटकावर एकटा उभा राहिला, मग निगेटिव्ह आणायला आत शिरला. दोन्ही हात भाजलेत. काही बाहेर आलं नाही.

मग तिने सांगितलं. निवेदन तिने त्या दिवशी पूर्ण ऐकलं होतं. बघून नव्हे, पाठ झाल्यासारखं म्हणून दाखवलं, आवाज न चढवता. पाटी दिसते तेव्हा काय शब्द आहेत, लॉरी दिसते तेव्हा काय. जांभई देणारा मालक दिसतो तेव्हा: हा कोण आहे, याला इथे कुणी आणलं. म्हातारीवर काहीच शब्द नाहीत, तिथे नुसतं शांत. आणि देवळाबाहेरचे ते हात येतात तेव्हा: आणखी किती दिवस सोसायचं.

गावागावांत दाखवतायत म्हणे, मेपासून. देवळांच्या आवारात, पडदा बांधून.

सुगंती कोपऱ्यात बसली होती. तिने मान वर केली नाही.

मी कुसुमाला विचारलं, "तेव्हाच का नाही सांगितलंस?"

"सांगायला आले होते मास्टर. तुम्ही खुर्चीचं विचारलंत."

नंतर म्हणाली, "उपालि सरांनाही मीच सांगितलं होतं. ते म्हणाले, अय्याला कळलं तर ते मुदलालीच्या घरी जाऊन भांडतील आणि तिथेच मरतील. त्यापेक्षा इथून हलवू."

इतका चांगला समज होता त्याचा माझ्याविषयी.

६ ऑगस्ट, कॅम्प

शेजाऱ्यांना सिरिलचा संशय यायला लागला तेव्हा आम्हीच निघालो. आता एका शाळेत आहोत. एका वर्गात सात-आठ कुटुंबं. फळ्यावर अजून कुणाची तरी बेरीज आहे.

आमच्या शेजारी कंदय्या म्हणून पेट्टातले कापडवाले आहेत. दुकान, वर घर, थोरला मुलगा, काही उरलं नाही. बोलत राहतात. थांबले तर काय होईल याची भीती असावी. आज कुणीतरी म्हणालं, हे अचानक कसं पेटलं. कंदय्या म्हणाले, "अचानक कुठलं? मी जूनमध्ये कॅंडीला व्याह्यांकडे... नाही, आमच्या जुन्या गिऱ्हाइकाकडे गेलो होतो, सिंहली माणूस. त्यांच्या देवळात सिनेमा होता, मला कौतुकाने घेऊन गेले. त्या बिचाऱ्याला तरी काय माहीत! त्यात माझ्या दुकानाची पाटी."

"मग?"

"मग काय! कुणी बनवला होता देव जाणे, पण नजर हटत नव्हती. एक म्हातारी दाखवली होती, रिकामी पिशवी घेऊन. आणि तिच्यासमोर गल्ल्यावरचा तो माणूस. मी स्वतः व्यापारी, पण मलाच त्याची चीड आली. बाहेर येऊन मी त्या गिऱ्हाइकाला म्हटलं, असे लोक आहेत म्हणून आमचं नाव खराब होतं."

माझ्या तोंडून निघून गेलं, "जमला होता म्हणजे."

कंदय्यांनी माझ्याकडे बघितलं. "काय म्हणालात?"

मनोन्मणी म्हणाली, "यांना ताप आहे, भाऊ. बरळतात."

सुगंती उठून बाहेर गेली. ती आल्यापासून माझ्याशी कामापुरतंच बोलते. कॅम्पमध्ये कुणाचं मन थाऱ्यावर आहे?

१३ ऑगस्ट

मालवाहू बोट. सिमेंटच्या धुळीत माणसं बसलेली. जाफन्याकडच्या कांकेसन्तुरै बंदराचा धक्का दिसला तेव्हा काही लोक रडले, काहींनी टाळ्या वाजवल्या. तीस वर्षांपूर्वी इथून निघालो तेव्हा धाकटा भाऊ स्टेशनवर म्हणाला होता, कोलंबोत राहून तू परका होशील. तो आता कॅनडात आहे.

१२ सप्टेंबर, मानिप्पाय

सासऱ्यांचं घर. विहीर आहे, ताडाची झाडं आहेत, पडवीत पडून राहता येतं. लोक येतात, विचारतात, काय काय गेलं. मनोन्मणी सांगते. मी माझं कधीच सांगत नाही. घर गेलं, स्टुडिओ गेला, एवढ्याने लोकांचं समाधान होतं. त्या माहितीपटाचं मनोन्मणीने माहेरी एका शब्दाने काढलेलं नाही.

कुसुमाचं काही कळलेलं नाही. कुणाच्या हाती निरोप पाठवावा तर तिलाच धोका.

४ ऑक्टोबर

आज तीन पोरं सायकलवरून आली. लष्कराविरुद्ध बंदुका उचललेल्यांना इथे सगळे नुसतं 'पोरं' म्हणतात आणि आवाज खाली करतात. पुढारी असलेल्याचं नाव सत्या. चप्पल बाहेर काढून आला, मनोन्मणीच्या पाया पडला, पाणी मागून प्यायला. विशी-बाविशीचा असेल. विद्यापीठात जागा मिळाली नाही म्हणून वर्षभर घरी बसला होता, मग घरी बसायचं सोडलं, असं स्वतःच हसत म्हणाला.

"मास्टर, लंडनहून एकाने छोटा कॅमेरा आणलाय. कॅम्पमधलं घेतलंय, बोटीवरचं घेतलंय, बायाबापड्या रडताना. जगाला दाखवायचंय. तुमच्यासारखा हात जाफन्यात कुणाचा आहे?"

"निवेदन कुणाचं?"

"ते आम्ही बघतो ना. तुम्ही चित्र लावून द्या."

"आधी शब्द वाचायला द्या."

पोरांनी एकमेकांकडे बघितलं. सत्या हसूनच म्हणाला, "आमच्यावर विश्वास नाही, मास्टर? आम्ही तुमचेच आहोत."

"म्हणूनच वाचायचे आहेत."

शेवटी मी म्हटलं, डोळे गेले माझे, आगीनंतर नीट दिसत नाही. खोटं होतं. त्यांना कळलंही असावं. सत्या म्हणाला, "हरकत नाही. विचार करा. आम्ही घाई करत नाही." डबा पडवीतच ठेवून गेले, बरोबर जोड मारायचं छोटं यंत्र आणि चिकटपट्टी.

सुगंती त्यांना फाटकापर्यंत सोडायला गेली. बरंच काही बोलत होती. किती दिवसांनी कुणाशी तरी बोलली पोर.

९ ऑक्टोबर

मला आज जेवण गोड लागलं. सुगंती दुपारी पडवीत येऊन बसली आणि म्हणाली, "अप्पा, जोड कसा मारतात ते शिकवाल?"

ऑगस्टपासून माझ्याकडे न बघणारी मुलगी! मी त्या पोरांच्या डब्यातलंच एक रीळ काढलं. कामासाठी नाही, नुसतं हात बसवायला. पट्टी उजेडात कशी धरायची, नखाने बाजू कशी ओळखायची, सगळं सांगितलं. पहिला जोड वाकडा आला, तिसरा सुबक. भौतिकशास्त्राचा हात आहे, थरथरत नाही.

"ही बाई रडतेय," ती म्हणाली, "ही किती वेळ ठेवायची?"

"बघणाऱ्याला तिचे डोळे पुसावेसे वाटेपर्यंत. त्याच्या पुढे ठेवलीस तर त्याला लाज वाटून तो नजर काढून घेतो."

"आणि त्याला डोळे पुसायचे नसतील, चिडायचं असेल तर?"

चांगला प्रश्न. मी म्हटलं, मग जरा आधी काप. अर्धवट राहिलं पाहिजे. राहिलेलं माणूस घरी घेऊन जातो.

तिने मान हलवली आणि तसंच करून दाखवलं. अंगावर काटा आला माझ्या. कुसुमाला हे नऊ वर्षांत जमलं नव्हतं.

१५ ऑक्टोबर

रोज बसतो आम्ही. आता मी फक्त बघतो, कात्री तिच्या हातात. तिला गोष्ट दिसते. खोट्याचा कारखाना म्हणायची, आता सकाळी चहाच्या आधी पडवीत हजर. मी म्हटलं, परिस्थिती निवळली की तुला मद्रासला पाठवतो, तिथे मोठे स्टुडिओ आहेत, बाई एडिटर म्हणून नाव काढशील. ती म्हणाली, "बघू अप्पा." आणि मग बराच वेळ माझ्या खांद्यावर डोकं टेकून बसली. लहानपणीसुद्धा अशी बसलेली आठवत नाही. माणूस सगळं गमावतो तेव्हा कुठून तरी काहीतरी परत येतं.

मनोन्मणीला हे आवडत नाही. आज डबा उचलून अडगळीत टाकायला निघाली होती. मी ओरडलो तिच्यावर.

१९ ऑक्टोबर

सुगंती सकाळी वडमराच्चीला मैत्रिणीकडे गेली, आठवडाभर राहणार म्हणाली. दोन कपडे आणि तो डबा घेऊन गेली, तिथे बसून पुरं करते म्हणाली. मला आनंदच झाला, काम सोडवत नाही हे खऱ्या एडिटरचं लक्षण. निघताना माझ्या पाया पडली. आईच्या पडली नाही, आईने तिला तेवढं सोडलंच नाही, धरूनच ठेवलं. फाटकाबाहेर सायकलवर कुणीतरी थांबलेलं होतं, त्या मैत्रिणीचा भाऊ असावा.

मनोन्मणी तेव्हापासून विहिरीपाशी बसून आहे. चूल पेटवलेली नाही. दोनदा विचारलं, काय झालं? माझ्याकडे बघते आणि पुन्हा फाटकाकडे बघत बसते. आठवडाभराचा तर प्रश्न आहे.